साठेखत झालं, इसार दिला, आता मालक म्हणतो ‘जमीन विकायची नाही’. कोर्ट त्याला खरेदीखत करायला लावू शकतं का?

एकराचा भाव ठरला. पाच-दहा लाख इसार दिला. वकिलाकडे जाऊन स्टॅम्प पेपरवर साठेखत झालं. “सहा महिन्यांत मोजणी करून खरेदीखत करू,” असं मालक म्हणाला. तेवढ्यात बातमी आली की गावाजवळून नवा रस्ता जाणार आहे. जमिनीचा भाव दुप्पट झाला आणि मालकाने फोन उचलणं बंद केलं. शेवटी निरोप आला, “तुमचा इसार परत घ्या, जमीन द्यायची नाही.”

महाराष्ट्रात जिथे जिथे महामार्ग, विमानतळ किंवा एमआयडीसी येते, तिथे ही गोष्ट थोड्याफार फरकाने ऐकायला मिळते. प्रत्येक वेळी प्रश्न एकच असतो. पैसे परत घेऊन गप्प बसायचं, की जमीनच मिळवायची?

कायद्यात याला ‘स्पेसिफिक परफॉर्मन्स’ म्हणतात. सोप्या भाषेत करारपूर्तीचा दावा. म्हणजे “मला नुकसानभरपाई नको, जे ठरलं होतं तेच करून द्या,” अशी कोर्टाकडे मागणी. २०१८ साली या कायद्यात मोठा बदल झाला. तो खरेदीदाराच्या फायद्याचा मानला जातो. पण त्यानंतरही अनेक खरेदीदार कोर्टात हरतात आणि काही गरीब शेतकरी अडचणीत येतात. असं का होतं, ते समजून घेऊ.

आधी एका बंगल्याची गोष्ट

दिल्लीच्या सिव्हिल लाइन्स भागात फ्लॅगस्टाफ रोडवर एक जुना बंगला आहे. लेखक सलमान रश्दी यांचे वडील अनीस अहमद रश्दी त्याचे मालक होते. डिसेंबर १९७० मध्ये त्यांनी हा बंगला भिकू राम जैन यांना ३ लाख ७५ हजार रुपयांना विकायचा करार केला. जैन पुढे काँग्रेसचे खासदार झाले. ५० हजार रुपये आगाऊ दिले गेले. बाकीची रक्कम खरेदीखताच्या वेळी द्यायची होती.

खरेदीखत झालंच नाही. तुम्ही अटी पाळल्या नाहीत, असं दोन्ही बाजू एकमेकांना म्हणत राहिल्या. १९७७ मध्ये दावा दाखल झाला. पहिल्या निकालात जैन जिंकले. अपिलात २०११ मध्ये निकाल फिरला. डिसेंबर २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की बंगला जैन कुटुंबालाच विकायचा, पण १९७० च्या भावाने नाही, तर निकालाच्या दिवशीच्या बाजारभावाने. मग त्या दिवशीचा बाजारभाव किती, यावर भांडण सुरू झालं. २०१९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाच्या एकल न्यायाधीशांनी तो १३० कोटी रुपये ठरवला. त्यालाही पुढे आव्हान दिलं गेलं.

या विषयातले जवळपास सगळे प्रश्न या एका खटल्यात आहेत. करार झाला म्हणजे मालमत्ता आपली झाली का? किती वर्षं लढायचं? मधल्या काळात वाढलेल्या भावाचा फायदा कुणाला?

साठेखत झालं म्हणजे जमीन आपली झाली का?

नाही. सर्वांत मोठा गैरसमज हाच आहे.

मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ च्या कलम ५४ मध्ये स्पष्ट लिहिलंय की विक्रीच्या करारामुळे त्या मालमत्तेत कोणताही हक्क आपोआप तयार होत नाही. साठेखत म्हणजे ‘विकीन’ असं वचन. खरेदीखत म्हणजे ‘विकलं’. मालकी बदलते ती नोंदणीकृत खरेदीखताने. २०११ मध्ये ‘सूरज लॅम्प’ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे पुन्हा ठणकावून सांगितलं. साठेखत, कुलमुखत्यारपत्र आणि मृत्युपत्र अशी तिन्ही कागदपत्रं एकत्र करून घेतली, तरी मालकी मिळत नाही.

मग साठेखताने मिळतं काय? एक हक्क मिळतो. समोरच्याने वचन पाळलं नाही, तर कोर्टात जाऊन ते पाळून घेण्याचा. म्हणून साठेखत हा कच्चा कागद नाही, पण तो सात-बाराही नाही.

साठेखतासोबत जमिनीचा ताबाही घेतला असेल तर दोन गोष्टी लक्षात ठेवा. पहिली, महाराष्ट्रात ताबा दिलेल्या किंवा खरेदीखताआधीच द्यायचं ठरलेल्या साठेखतावर खरेदीखताइतकंच मुद्रांक शुल्क लागतं. ते भरलेलं नसेल, तर शुल्क आणि दंड भरेपर्यंत कोर्ट तो कागद पुराव्यात घेत नाही. दुसरी, “मी ताब्यात आहे, मला काढू नका,” असं संरक्षण कलम ५३अ खाली हवं असेल, तर २००१ च्या दुरुस्तीनंतर ते साठेखत नोंदणीकृत असावं लागतं.

नोंदणी न केलेलं साठेखत वाया गेलं का?

अगदी तसंही नाही. नोंदणी कायद्याच्या कलम ४९ च्या परंतुकानुसार, नोंदणी न केलेला करारही करारपूर्तीच्या दाव्यात ‘करार झाला होता’ याचा पुरावा म्हणून चालतो. २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तामिळनाडूतल्या एका प्रकरणात हेच सांगितलं.

पण ‘चालतो’ आणि ‘टिकतो’ यात फरक आहे. नोंदणी न केलेल्या कागदावर “ही सही माझी नाही”, “कोऱ्या स्टॅम्पवर सह्या घेतल्या”, “हा व्यवहार उसनवारीचा होता” असे बचाव सहज घेता येतात. तोंडी करारावरही दावा करता येतो. पण तो सिद्ध करताना साक्षीदार, बँकेतले व्यवहार आणि मेसेज यांच्यावरच सगळी मदार असते. दुय्यम निबंधकांच्या कार्यालयात, फोटो आणि अंगठ्यासह नोंदवलेलं साठेखत यातले बहुतेक वाद मुळातच संपवतं.

पैसे परत देऊन मालक सुटू शकत नाही का?

हा प्रश्न विकणाऱ्यांना पडतो. “इसार दुप्पट परत करतो, मग काय तक्रार?”

करार मोडला तर नुकसानभरपाई द्यायची, हा सर्वसाधारण नियम. पण जमिनीच्या बाबतीत कायद्याचा विचार पहिल्यापासून वेगळा आहे. शंभर पोती गहू एकाने दिला नाही, तर तो बाजारातून दुसरीकडून घेता येतो. विहिरीलगतची, रस्त्याला लागून असलेली, तुमच्या शेताशेजारची ती दोन एकर जमीन मात्र दुसरीकडे मिळत नाही. म्हणून १९६३ च्या स्पेसिफिक रिलीफ ॲक्टमध्ये गृहीतच धरलं होतं की स्थावर मालमत्तेचा करार मोडल्यावर नुसते पैसे देऊन पुरेशी भरपाई होत नाही.

साठेखतात “विक्रेत्याने करार मोडल्यास इसाराची दुप्पट रक्कम द्यावी” असं लिहिलेलं असलं, तरी मालकाला आपोआप सुटका मिळत नाही. ती रक्कम करार पाळला जावा म्हणून धाक म्हणून लिहिली आहे, की ‘जमीन द्या किंवा पैसे द्या’ असा पर्याय मालकाला दिला आहे, हे कोर्ट कराराच्या भाषेवरून ठरवतं. म्हणून हे वाक्य साठेखतात कसं लिहिलंय ते सही करण्याआधी दोन्ही बाजूंनी नीट वाचायला हवं.

२०१८ मध्ये नेमकं काय बदललं?

आधी जुना नियम पाहू. त्यात करारपूर्तीचा हुकूम देणं न्यायाधीशांच्या विवेकावर होतं. करार कायदेशीर असला, खरेदीदाराची बाजू बरोबर असली, तरी कोर्ट “इथे हुकूम देणं अन्यायाचं होईल” असं म्हणू शकत होतं. खरेदीदाराने व्यवहारात गैरफायदा घेतलाय, किंवा विक्रेत्यावर कल्पनेपलीकडचं संकट येईल, अशी कारणं जुन्या कलम २० मध्ये लिहिलेली होती.

याचा दुसरा परिणाम असा की निकाल काय लागेल हे कुणालाच सांगता येत नव्हतं. ‘कोर्ट शेवटी पैसे परत करायला सांगेल’ या भरवशावर करार मोडणं विक्रेत्याला परवडायचं. त्या काळात जागतिक बँकेच्या व्यवसायसुलभतेच्या अहवालात, करार अंमलात आणण्याच्या निकषावर भारत १९० देशांमध्ये १६४ व्या क्रमांकावर होता. केंद्र सरकारने नेमलेल्या तज्ज्ञ समितीने कायदा बदलण्याची शिफारस केली. संसदेने दुरुस्ती मंजूर केली आणि १ ऑक्टोबर २०१८ पासून ती लागू झाली.

आता कलम १० सांगतं की ठरावीक अपवाद सोडले, तर कोर्टाने करारपूर्तीचा हुकूम द्यायचा. विवेकाधिकाराचं जुनं कलम २० काढून टाकलं. दाव्याचं समन्स बजावल्यापासून १२ महिन्यांत निकाल द्यावा आणि फार तर आणखी ६ महिने वाढवावेत, असंही नव्या कलम २०क मध्ये लिहिलं. प्रत्यक्षात कोर्टांवर असलेला बोजा पाहता अनेक दावे याहून कितीतरी लांबतात. पण तारखा लवकर मागताना हे कलम दाखवता येतं.

मग २०१८ च्या आधीच्या करारांचं काय? ऑगस्ट २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेलंगणातल्या जमिनीच्या एका प्रकरणात, ही दुरुस्ती जुन्या व्यवहारांना लागू नाही, असं म्हटलं होतं. नोव्हेंबर २०२४ मध्ये तीन न्यायाधीशांच्या खंडपीठाने फेरविचार करून तो निकालच मागे घेतला आणि खरेदीदाराच्या बाजूने कौल दिला. जुन्या साठेखताचा दावा असेल आणि कुणी २०२२ च्या निकालाचा हवाला देत असेल, तर ही पुढची घडामोड वकिलांना जरूर विचारा.

मग खरेदीदार हरतात ते का?

कारण कलम १६(क) तसंच आहे. ते सांगतं की तुम्ही स्वतः करार पाळायला कायम तयार होतात आणि तुमची तशी इच्छाही होती, हे तुम्हाला सिद्ध करावं लागेल. २०१८ च्या दुरुस्तीने, दाव्यात तसं विधान करण्याची तांत्रिक अट गेली. सिद्ध करण्याची अट राहिली. बहुतेक दावे इथेच बसतात.

‘तयारी’ म्हणजे पैशांची तयारी. ३५ लाख द्यायचे होते, तर ते कुठून येणार होते? खात्यात होते का? कर्ज मंजूर झालं होतं का? दुसरी मिळकत विकून येणार होते का? पैसे कोर्टात आणून भरलेच पाहिजेत असं नाही. कोर्टाने सांगितलं तरच ते भरावे लागतात. पण सोय होती हे दाखवावं लागतं. ‘इच्छा’ म्हणजे वागणूक. मुदत संपत आल्यावर तुम्ही काय केलंत? पत्र पाठवलं? खरेदीखताचा मसुदा दिला? की भाव वाढेपर्यंत वाट पाहिली?

याचं ठळक उदाहरण म्हणजे मदुराईतल्या एका घराचा खटला. डिसेंबर १९७८ मध्ये ६० हजारांना घर घ्यायचा करार झाला. आगाऊ फक्त ५ हजार दिले. मुदत सहा महिन्यांची होती. खरेदीदार दोन-अडीच वर्षं गप्प राहिला आणि १९८१ मध्ये त्याने नोटीस पाठवली. तोपर्यंत घराचा भाव तिप्पट झाला होता. दावा तीन वर्षांच्या मुदतीत होता. तरीही १९९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने करारपूर्ती नाकारली. शहरातल्या मालमत्तांचे भाव झपाट्याने वाढत असताना, नाममात्र रक्कम देऊन मालकाला वर्षानुवर्षं बांधून ठेवता येणार नाही, असा त्या निकालाचा सूर होता.

हा निकाल जुन्या कायद्याखालचा आहे. पण त्यातला धडा आजही लागू पडतो. इतके दिवस गप्प का राहिलात, या प्रश्नाला उत्तर नसेल तर ‘इच्छा’ सिद्ध होत नाही.

२०२५ मधला आणखी एक निकाल लक्षात ठेवण्यासारखा आहे. विक्रेत्याने करार रद्द झाल्याचं कळवलं आणि आगाऊ रकमेचे डिमांड ड्राफ्ट परत पाठवले. खरेदीदाराने दावा लावला, पण नंतर ते ड्राफ्ट वटवून घेतले. सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की पैसे घेतले म्हणजे करार पुढे न्यायची इच्छा उरली नव्हती. शिवाय करार रद्द करणं बेकायदा होतं, असं जाहीर करून मागितलंच नव्हतं. खरेदीदार हरला.

म्हणजे मालकाने रागाने पाठवलेला चेक ‘सध्या खात्यात टाकू, नंतर बघू’ म्हणून बँकेत टाकला, तर दाव्याची हवाच जाऊ शकते. तसंच मालकाने वकिलामार्फत ‘करार रद्द’ अशी नोटीस दिली असेल, तर नुसती करारपूर्ती मागून भागत नाही. ती रद्दबातल नोटीस चुकीची आहे, अशी घोषणाही दाव्यात मागावी.

दावा किती दिवसांत लावायचा?

तीन वर्षांत. पण कधीपासून, यातच खरी गोम आहे.

साठेखतात खरेदीखताची तारीख किंवा मुदत ठरलेली असेल, तर तीन वर्षं त्या तारखेपासून मोजायची. तारीख ठरलेली नसेल, तर मालकाने नकार दिल्याचं तुम्हाला कळल्यापासून. “आज करू, उद्या करू” असं मालक गोड बोलत राहिला म्हणून ठरलेली तारीख पुढे सरकत नाही. मुदत वाढवायची असेल तर दोघांच्या सह्यांनी लेखी वाढवून घ्या.

पाच वर्षांनी जाग येऊन “साठेखत तर आहेच” म्हणत कोर्टात जाणाऱ्यांची पहिली अडचण हीच असते.

मालकाने जमीन तिसऱ्यालाच विकली तर?

तरीही दावा करता येतो. करारपूर्ती मूळ मालकाविरुद्ध मागता येते आणि नंतर घेणाऱ्याविरुद्धही. मालक मरण पावला असेल तर त्याच्या वारसांविरुद्धही. फक्त एकाला संरक्षण आहे. ज्याने पूर्ण किंमत देऊन, चांगल्या हेतूने आणि तुमच्या कराराची माहिती नसताना जमीन घेतली, त्याला. तुमचं साठेखत नोंदणीकृत असेल, तर ते सर्च रिपोर्टमध्ये दिसतं आणि “मला माहीत नव्हतं” असं म्हणणं त्या तिसऱ्याला अवघड जातं.

दावा चालू असताना जमीन विकली गेली, तर घेणाऱ्यावर निकाल बंधनकारक असतो. पण महाराष्ट्रातल्या वाचकांसाठी इथे एक महत्त्वाची अट आहे. आपल्या राज्यात कलम ५२ मध्ये वेगळी दुरुस्ती आहे. दावा प्रलंबित असल्याची नोटीस, जिला कोर्टाच्या आवारात ‘लिस पेंडन्स’ म्हणतात, दुय्यम निबंधकांकडे नोंदवली तरच हे संरक्षण मिळतं. दावा दाखल झाला की ही नोटीस नोंदवणं आणि जमीन विकू नये म्हणून तूर्तातूर्त मनाईचा अर्ज देणं, ही दोन कामं लांबवू नयेत.

कुठल्या जमिनीचा करार कोर्टही पूर्ण करून देणार नाही?

कायद्याने बंदी असलेला व्यवहार कोर्ट जबरदस्तीने घडवून आणत नाही. महाराष्ट्रात शेतकरी नसलेल्या व्यक्तीला परवानगीशिवाय शेतजमीन घेता येत नाही. आदिवासी खातेदाराची जमीन बिगर-आदिवासीला परवानगीशिवाय हस्तांतरित होत नाही. भोगवटादार वर्ग २ च्या जमिनींवर बंधनं आहेत. तुकडेबंदीचेही नियम आहेत.

ज्या व्यवहाराला परवानगी मिळू शकते, तिथे कोर्ट “परवानगीसाठी अर्ज करा आणि ती मिळाल्यावर खरेदीखत करून द्या” असा सशर्त हुकूम देऊ शकतं. म्हणून परवानगी कुणी, किती दिवसांत आणायची हे साठेखतातच लिहा. ते न लिहिल्यानेच दोन्ही बाजू नंतर एकमेकांकडे बोट दाखवतात.

सामाईक जमिनीचंही तसंच. सात-बारावर चार नावं असताना एकाच भावाने साठेखत करून दिलं असेल, तर बाकीच्या तिघांचे हिस्से त्या करारात येत नाहीत. बहिणींचा हक्क विसरून झालेले व्यवहार याच कारणाने अडकतात.

विकणाऱ्या शेतकऱ्याची बाजू काय?

या विषयावरच्या बहुतेक चर्चा खरेदीदाराच्या बाजूने होतात. पण साठेखतावर सही करणारा प्रत्येक जण भाव वाढला म्हणून फिरणारा नसतो.

मुलीचं लग्न, दवाखाना किंवा पेरणीसाठी दोन लाख हवेत. पैसे देणारा म्हणतो, “व्याजाचं लिहायला नको, जमिनीचं साठेखत करून ठेवू. पैसे परत केलेस की कागद फाडू.” कागदावर विक्री, मनात उसनवारी. पुढे त्याच कागदावर करारपूर्तीचा दावा येतो.

जुन्या कायद्यात न्यायाधीश म्हणू शकत होते की या व्यवहारात एकाने दुसऱ्याच्या अडचणीचा फायदा घेतलाय, हुकूम देत नाही. ती खिडकी २०१८ ने बंद केली. या दुरुस्तीची खरी किंमत इथे आहे आणि ती मोजणारा बहुधा लहान शेतकरी असतो. करार पक्के व्हावेत ही उद्योगाची गरज आहे, यात वाद नाही. पण दोन कंपन्यांनी वकिलांच्या साक्षीने केलेला करार आणि नड असलेल्या माणसाने न वाचता केलेली सही, यांना नवं कलम १० एकाच मापाने मोजतं.

शेतकऱ्याकडे काहीच उरलं नाही, असं मात्र नाही. करार कायद्यानुसार फसवणूक, दबाव किंवा गैरवाजवी प्रभाव सिद्ध केला, तर करारच रद्द होऊ शकतो. फरक असा की हे सिद्ध करण्याचा भार आता पूर्णपणे त्याच्यावर येतो. व्यवहार खरंतर कर्जाचा होता, हे दाखवणारे पुरावे कामी येतात: दरमहा दिलेलं व्याज, बाजारभावापेक्षा फारच कमी किंमत, ताबा कधीच न दिलेला असणं, मोबाईलवरचे मेसेज.

दुसरा मार्ग २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी अधिनियमाचा. सावकारी व्यवहारात कर्जाच्या तारणापोटी विक्री, गहाण किंवा करार करून जमीन सावकाराकडे गेली असेल, तर जिल्हा निबंधकांकडे अर्ज करता येतो. अर्जाच्या आधीच्या १५ वर्षांतले असे व्यवहार ते तपासू शकतात आणि जमीन परत देण्याचा आदेश देऊ शकतात. दिवाणी दाव्याची नोटीस आल्यावर हा मार्ग वकिलांशी बोलून लगेच तपासावा. नोटीस घेतली नाही म्हणून दावा थांबत नाही. तो एकतर्फी चालतो.

वाढलेला भाव कुणाचा?

फ्लॅगस्टाफ रोडच्या बंगल्याकडे परत येऊ. ४२ वर्षांनी ३ लाख ७५ हजारांत बंगला द्यायला लावणं जितकं विचित्र, तितकंच ‘५० हजार परत घ्या आणि जा’ म्हणणंही. कोर्टाने मधला मार्ग काढला.

नुसता भाव वाढला म्हणून करारपूर्ती नाकारायची नाही, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये मुंबईतल्या एका फ्लॅटच्या खटल्यात मांडलं होतं. मात्र न्याय साधण्यासाठी खरेदीदाराला जादा रक्कम भरायला लावता येते, हेही त्याच निकालात होतं. हे तत्त्व जुन्या विवेकाधिकाराच्या जमान्यातलं आहे. आता हुकूम देणं हा नियम झाल्यावर, अशी जादा रक्कम लावायला कितपत जागा उरते, यावर वकील पुढची अनेक वर्षं युक्तिवाद करतील. दावे लवकर निकाली निघाले, तर हा प्रश्न फारसा उरणार नाही. बंगल्याचे १३० कोटी झाले ते कराराने नाही, वेळेने.

दावा जिंकल्यावर मालक सही करत नसेल तर?

त्याची सही लागतच नाही. हुकूमनामा झाल्यावर मालकाने ठरलेल्या दिवसांत खरेदीखत केलं नाही, तर दरखास्त दाखल करता येते. मग त्याच्या वतीने कोर्टच खरेदीखत करून देतं आणि त्याची नोंदणी होते.

पण खरेदीदारालाही इथे जागं राहावं लागतं. कोर्टाने उरलेली रक्कम दोन महिन्यांत भरायला सांगितली आणि ती भरली नाही, तर मालक करार रद्द करून मागू शकतो. जिंकलेला दावा असा हातातून जाऊ शकतो.

आणखी एक चूक टाळा. दाव्यात खरेदीखतासोबत ताबा मागा आणि ‘करारपूर्ती देता येत नसेल तर दिलेली रक्कम व्याजासह परत मिळावी’ हेही मागा. कलम २२ नुसार या गोष्टी स्पष्ट मागाव्या लागतात. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ आणि २०२५ मध्येही, परतावा मागितलाच नव्हता म्हणून तो नाकारला आहे. म्हणजे जमीनही गेली आणि पैसेही.

थोडक्यात काय करायचं?

घेणाऱ्यांसाठी:

• साठेखत नोंदवा. इसार रोखीने न देता बँकेतून द्या.

• सात-बारा, फेरफार, ‘इतर हक्क’ आणि सर्च रिपोर्ट पाहूनच सही करा. सगळ्या हिस्सेदारांच्या सह्या घ्या.

• खरेदीखताची तारीख, मोजणी आणि परवानगी कुणी आणायची, हे नेमकं लिहा.

• मुदत संपण्याआधीच “मी पैसे घेऊन तयार आहे” अशी लेखी नोटीस स्पीड पोस्टाने पाठवा. त्या काळातलं बँक स्टेटमेंट किंवा कर्जमंजुरीचं पत्र जपून ठेवा.

• नकार आला की थांबू नका. तीन वर्षं ही शेवटची सीमा आहे, आरामाची मुदत नव्हे.

विकणाऱ्यांसाठी:

• उसने पैसे घेताना साठेखतावर सही करू नका. ‘नुसता कागद’ असं काही नसतं.

• खरेदीदार पैसे देत नसेल, तर मुदत देऊन लेखी नोटीस द्या आणि मगच करार रद्द करा. गप्प राहिलात तर तोच गप्पपणा तुमच्याविरुद्ध जाऊ शकतो.

• कोर्टाची नोटीस आली तर ती घ्या आणि तारखेला हजर राहा.

गावाकडे अजूनही शब्दावर व्यवहार होतात आणि अनेकदा ते पाळलेही जातात. भाव दुप्पट होतो तेव्हा मात्र शब्दाची परीक्षा लागते, आणि मग स्टॅम्प पेपरवर घाईत लिहिलेल्या त्या चार ओळीच दोघांच्या कामी येतात. तुमच्या घरात एखादं साठेखत असेल, तर ते आजच काढा आणि त्यातली मुदतीची तारीख बघा.